विजयदुर्गाचे ओटे आणि ताऱ्यांची वाट

सिंधुदुर्ग जिल्ह्याच्या देवगड तालुक्यात, वाघोटन खाडीच्या मुखाशी असलेल्या विजयदुर्ग किल्ल्यावर काही दगडी ओटे आहेत. लोक त्यांना ‘साहेबाचे ओटे’ म्हणतात. साहेब म्हणजे इंग्रज ज्योतिर्विद सर नॉर्मन लॉकियर. १८ ऑगस्ट १८६८ च्या खग्रास सूर्यग्रहणात लॉकियर यांनी याच ओट्यांवर दुर्बीण रोवली आणि सूर्यावरच्या हेलियम वायूचा शोध लावला, अशी कथा वृत्तपत्रांतून आणि पर्यटकांसाठीच्या माहितीतून आपण वाचत आलो आहोत. दर वर्षी १८ ऑगस्टला किल्ल्यावर हेलियम दिनही साजरा होतो. पुढे या कथेला आणखी एक शेपूट जोडले जाते: आजची रॉकेटे ज्या हेलियमवर अवलंबून आहेत आणि उद्याची ताऱ्यांपर्यंत जाणारी याने ज्याच्या आधारे चालतील, तो हेलियम जगाला कोकणाने दिला.

या कथेतील बहुतेक गोष्टी खऱ्या आहेत. ओटे, साहेब, ग्रहण आणि हेलियम हे सारे खरेच. इतकेच काय, साहेब विजयदुर्गावर आले होते, ग्रहण पाहण्यासाठीच आले होते, हेही खरे. आणि ताऱ्यांकडे जाणाऱ्या यानाच्या गणितात हेलियमला मानाचे स्थान आहे, हेसुद्धा खोटे नाही. चूक आहे ती तीस वर्षांची. साहित्याच्या अभ्यासकाला हा प्रकार नवा नाही. जुन्या पोथीत मूळ ओवीच्या शेजारी कुणी तरी समासात लिहिलेली ओळ पुढच्या नकलेत मजकुरातच मिसळते, आणि तिसऱ्या नकलेनंतर ती वेगळी काढणे दुरापास्त होते. विजयदुर्गाच्या कथेत असाच एक प्रक्षेप शिरला आहे, आणि तो बाजूला केल्यावर उरते ती संहिता अधिक सरस आहे, असे आमचे मत आहे.

प्रथम १८६८. त्या दिवशी शके १७९० ची श्रावण अमावास्या, म्हणजे पिठोरी होती. चंद्राची गडद छाया अरबी समुद्रावरून पश्चिम किनाऱ्यावर चढली आणि दख्खन ओलांडून पूर्व किनाऱ्याने बंगालच्या उपसागरात उतरली. विजयदुर्ग या पट्ट्यात येत होता, यात शंका नाही. पण ऑगस्टच्या मध्यावर कोकणचे आकाश कसे असते, हे कोकणी माणसाला सांगायला नको. नारळी पौर्णिमा होऊन जेमतेम पंधरवडा उलटलेला, समुद्र अजून पुरता शांत झालेला नाही, आणि सूर्याचे दर्शन ही मेघांची मर्जी. सहासात मिनिटांहून अधिक न टिकणाऱ्या घटनेसाठी वर्षभर तयारी करणारा शास्त्रज्ञ घाटाच्या पूर्वेला जाणार हे उघड आहे. मोठी पथके तशीच गेली. रॉयल ॲस्ट्रॉनॉमिकल सोसायटीच्या वतीने मेजर टेनंट गुंटूरला होते. फ्रान्सचे पिएर जान्सेनही गुंटूरलाच. मद्रास वेधशाळेचे पॉग्सन मछलीपट्टणला. आणि लेफ्टनंट जॉन हर्शेल, म्हणजे युरेनस शोधणाऱ्या विल्यम हर्शेलचा नातू, पटवर्धनांच्या जमखिंडी संस्थानात. मराठी मुलुखाशी या ग्रहणाचे सर्वांत जवळचे नाते जोडायचे असेल तर ते जमखिंडीशी जोडावे. तिथेही ढगांनी हर्शेलला छळले; पण ढगांच्या फटींतून त्याला जे हवे होते ते दिसले.

हवे होते ते काय? खग्रास अवस्थेत काळ्या चंद्रबिंबाच्या कडेला तांबूस ज्वाळा उसळलेल्या दिसतात. त्या सूर्याच्या की चंद्राच्या, इथपासून पूर्वी वाद होता. त्या वायूच्या आहेत की तापलेल्या घन कणांच्या, हे तर कुणालाच ठाऊक नव्हते. किर्खोफ आणि बन्सेन यांनी १८५९-६० च्या सुमारास दाखवून दिले होते की प्रत्येक मूलद्रव्य तापले की त्याच्या प्रकाशाच्या पट्ट्यात ठरावीक ठिकाणी ठरावीक रेघा उमटतात. त्याआधी पाव शतक फ्रेंच तत्त्वज्ञ ऑग्युस्त काँत याने तारे कशाचे बनले आहेत हे माणसाला कधीही कळणार नाही, असे ठासून लिहिले होते. तिथवर जाता येत नाही, मग कळणार कसे, हा त्यामागचा विचार. वर्णपटदर्शकाने हा युक्तिवाद निकालात काढला. गुंटूर, मछलीपट्टण आणि जमखिंडी येथे ज्वाळांच्या प्रकाशात सुट्या तेजस्वी रेघा दिसल्या. ज्वाळा वायूच्या होत्या, आणि त्यात हायड्रोजन होता. त्यांबरोबर एक पिवळी रेघही दिसली. सोडियमच्या दोन पिवळ्या रेघा, ज्यांना ‘डी’ म्हणतात, सर्वांच्या परिचयाच्या होत्या. हर्शेलने नवी रेघ ‘डी’ समजूनच नोंदली. पॉग्सनने ती ‘डी’वर किंवा तिच्या अगदी जवळ असल्याचे म्हटले. त्या घाईत कुणाला हे वेगळे मूलद्रव्य आहे असे वाटले नाही. जान्सेनला सुचली ती दुसरीच गोष्ट. रेघा इतक्या तेजस्वी आहेत की त्या पाहायला ग्रहणाची गरजच काय, असे म्हणून त्याने दुसऱ्या दिवशी, १९ ऑगस्टला, लख्ख उन्हात पुन्हा दुर्बीण लावली आणि ज्वाळा पाहिल्या.

आणि लॉकियर? ते त्या काळात बत्तीस वर्षांचे होते, ‘सर’ नव्हते, आणि लंडनच्या युद्ध खात्यात कारकुनी करत होते. ग्रहणावाचून ज्वाळा पाहण्याची कल्पना त्यांनाही स्वतंत्रपणे सुचली होती. पण त्यासाठी मागवलेला वर्णपटदर्शक कारागिराकडे रखडला होता. तो ऑक्टोबरमध्ये हाती आला. २० ऑक्टोबर १८६८ रोजी लंडनच्या आकाशात, कोणतेही ग्रहण नसताना, त्यांनी सूर्याच्या कडेवर त्या रेघा पाहिल्या. जान्सेनचे हिंदुस्थानातून निघालेले पत्र आणि लॉकियरचे लंडनहून गेलेले पत्र पॅरिसच्या विज्ञान अकादमीत एकाच बैठकीत, २६ ऑक्टोबरला, वाचले गेले. पुढे फ्रेंच सरकारने दोघांचेही मुखवटे असलेले एकच पदक काढले. दोन माणसे, दोन खंड आणि एक पद्धत. या प्रसंगाचे नाट्य एवढे स्वयंपूर्ण आहे की त्यात विजयदुर्ग घुसवायला जागाच उरत नाही.

हेलियमचा ‘शोध’ नेमका कोणत्या दिवशी लागला, हा प्रश्नच थोडा फसवा आहे. लॉकियर यांनी पुढच्या काळात ती पिवळी रेघ बारकाईने मोजली. सोडियमच्या रेघा ५८९.० आणि ५८९.६ नॅनोमीटरवर, तर ही ५८७.६ वर. तिला ‘डी-तीन’ म्हणू लागले. हायड्रोजनला कितीही दाबून, तापवून प्रयोगशाळेत तशी रेघ मिळेना. तेव्हा पृथ्वीवर नसलेले एखादे मूलद्रव्य सूर्यात असावे, असा धाडसी तर्क पुढे आला आणि सूर्याच्या ग्रीक नावावरून ‘हेलियम’ हे नाव १८७१ पर्यंत ऐकू येऊ लागले. नावाच्या शेवटी धातूंना लागणारा ‘-इयम’ प्रत्यय आहे, कारण हा धातू असणार असा त्यांचा समज होता. (एका चुकीच्या समजुतीचा ठसा नावात कायमचा राहिला आहे. व्याकरणाच्या शिक्षकांना हे उदाहरण उपयोगी पडेल.) पुष्कळ रसायनज्ञांनी या सूर्यद्रव्याची थट्टाच केली. अखेर मार्च १८९५ मध्ये विल्यम रॅमसे यांनी लंडनमध्ये क्लेव्हाइट या युरेनियमयुक्त खनिजातून एक वायू मिळवला, आणि त्याच्या प्रकाशात तीच पिवळी रेघ सापडली. सत्तावीस वर्षे एक मूलद्रव्य केवळ एका रेघेच्या रूपात जगले होते.

त्यानंतर तीन वर्षांनी साहेब विजयदुर्गावर आले. २२ जानेवारी १८९८, पौष अमावास्या. हे ग्रहणही पश्चिम किनाऱ्यावरून हिंदुस्थानात शिरले. पण हिवाळ्याचे, दुपारच्या निरभ्र आकाशातले. पट्टा महाराष्ट्रावरून तिरका ईशान्येस गेला, आणि त्या दिवशी मराठी प्रदेश ही जणू जगाची वेधशाळा झाली. सोलापूर जिल्ह्यातल्या जेऊरला अमेरिकेच्या लिक वेधशाळेचे कॅम्पबेल होते आणि पुण्याच्या विज्ञान महाविद्यालयाचे कावसजी नायगमवालाही. वर्ध्याजवळ पुलगावला न्यूऑल. वऱ्हाडात तळणीला एव्हरशेड आणि मॉंडर पती-पत्नी. लॉकियर मात्र किनाऱ्यावर राहिले. ब्रिटिश नौदलाची ‘मेल्पोमिनी’ ही युद्धनौका त्यांच्या दिमतीला होती, आणि तिचे कप्तान चिझम-बॅटन यांचे नाव वेधांच्या अहवालावर लॉकियर आणि प्राध्यापक पेडलर यांच्या बरोबरीने छापलेले आहे. जहाजावरच्या खलाशांनाच निरीक्षक म्हणून कवायत दिली गेली: कुणी प्रभामंडलाचे चित्र काढायचे, कुणी दिसणारे तारे टिपायचे, कुणी भिंतीवर थरथरणाऱ्या छायापट्ट्या पाहायच्या. मेल्पोमिनी ही ग्रीक पुराणात शोकांतिकेची देवता. सुमारे दोन मिनिटांच्या त्या अंधारासाठी शोकांतिकेचे जहाज यावे, हा योगायोग कुणा कवीच्या हाती लागायला हवा होता.

म्हणून ओटे बांधले गेले असतील तर ते १८९८ च्या उपकरणांसाठी, हा तर्क आम्हाला सरळ वाटतो. जड दुर्बिणींना आणि प्रिझम लावलेल्या कॅमेऱ्यांना न हलणारा पाया लागतो. ‘साहेब’ हा शब्दही १८९८ लाच शोभतो. १८६८ चा कारकून लॉकियर कोकणात आला असता तरी त्याच्यासाठी कुणी ओटे बांधले नसते. आणि त्या तीन वर्षांपूर्वी हेलियम पृथ्वीवर सापडून चुकला होता. साहेब आले ते दुसऱ्याच कामासाठी.

ते काम काय, हे पाहण्याआधी प्रक्षेप कसा शिरला असेल याचा विचार करू. १२ डिसेंबर १८७१ च्या ग्रहणालाही लॉकियर हिंदुस्थानात आले होते आणि त्यांनी वेध घेतले ते मलबार किनाऱ्यावरच्या बेकल येथून. तिथेही समुद्रात घुसलेला किल्ला. पश्चिम किनारा, जलदुर्ग, लॉकियर आणि ग्रहण अशी सामग्री दोनदा जुळून आली, आणि ‘हेलियमचा शोध म्हणजे १८६८ चे हिंदुस्थानातले ग्रहण’ हे पाठ्यपुस्तकी वाक्य सर्वांच्या ओठी होते. स्मृतीने त्यांची बेरीज केली. यात कुणाची लबाडी नाही. पण बेरजेची किंमत मोजावी लागते. जमखिंडीचा हर्शेल, मछलीपट्टणचा पॉग्सन, जेऊरचे नायगमवाला हे सारे आपल्या आठवणीतून निघून जातात, आणि १८९८ चे विजयदुर्ग, ज्याची नोंद लंडनच्या रॉयल सोसायटीच्या दप्तरात साधार आहे, तेही नाहीसे होते. खोट्या दागिन्यासाठी खरा दागिना गहाण पडतो.

याच जातीची आणखी एक मराठी कथा आहे, आणि ती तर थेट प्रणोदनाची, म्हणजे यानाला पुढे ढकलणाऱ्या शक्तीची. शिवकर बापूजी तळपदे यांनी १८९५ साली गिरगाव चौपाटीवर पाऱ्यावर चालणारे विमान उडवले, असे सांगतात. त्याला आधार म्हणून ‘वैमानिकशास्त्र’ या संस्कृत ग्रंथाचा हवाला दिला जातो. बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या पाच अभ्यासकांनी १९७४ साली त्या ग्रंथाची छाननी केली. ग्रंथ विसाव्या शतकातला आहे आणि त्यातली विमाने उडणे शक्य नाही, असा त्यांचा निष्कर्ष होता. गंमत अशी की पाऱ्याच्या वाफेवर चालणारी आयन-इंजिने अमेरिकेने १९६४ आणि १९७० मध्ये खरोखर अंतराळात चालवून पाहिली. यावर लगेच ‘पाहा, आमच्याकडे आधीच होते’ असे म्हणणारे भेटतात. आयन-इंजिनात पाऱ्याचे अणू विद्युतभारित करून विद्युतक्षेत्राने प्रचंड वेगाने मागे फेकतात. पारा तिथे आहे तो जड अणू म्हणून. शब्द जुळला म्हणजे वस्तू जुळली असे होत नाही, हे रूपक शिकवणाऱ्यांनी तरी विसरू नये.

आता साहेबांचे काम. लॉकियर यांची ठाम धारणा होती की मूलद्रव्ये अखेरची नाहीत. सूर्याच्या आणि ताऱ्यांच्या भट्टीत ती आणखी साध्या घटकांत फुटतात, आणि म्हणून त्यांच्या रेघा बदलतात. ग्रहणाच्या आरंभी आणि अंती क्षणभर चमकून जाणाऱ्या सूर्याच्या पातळ थराचा वर्णपट छायाचित्रात पकडणे, हा विजयदुर्गावरच्या खटाटोपाचा गाभा होता. समकालीनांनी ही धारणा फारशी मानली नाही. त्यांच्या मदतनिसांत आल्फ्रेड फाउलर होते. पुढे तेच फाउलर लंडनच्या इंपीरियल कॉलेजात खगोलभौतिकीचे प्राध्यापक झाले, आणि १९२० साली त्यांच्या प्रयोगशाळेत एक बंगाली तरुण आला. त्याचे नाव मेघनाद साहा. अणू फुटत नाही, पण तापला की त्यातले इलेक्ट्रॉन सुटे होतात आणि रेघा बदलतात, हे साहांच्या समीकरणाने दाखवले. लॉकियर यांचा तर्क चुकीचा ठरला तरी त्यांनी टिपलेल्या रेघांना अर्थ मिळाला. इलेक्ट्रॉन सुटे झालेल्या या अवस्थेला आज प्लाझ्मा म्हणतात, आणि उद्याच्या यानांची इंजिने कल्पिली जातात ती त्याच पदार्थाची.

त्याच १९२० साली एडिंग्टन यांनी सूर्यात हेलियम का असतो, याचे उत्तर सुचवले. हायड्रोजनचे चार अणू एकत्र येऊन एक हेलियम होतो तेव्हा वस्तुमान सुमारे पाऊण टक्का कमी भरते. ती तूट म्हणजेच ऊन. सूर्य दर सेकंदाला साठ कोटी टन हायड्रोजनचा हेलियम करतो आणि चाळीस लाखांहून अधिक टन वस्तुमान प्रकाशात उधळतो. म्हणजे गुंटूर-जमखिंडीला दिसलेल्या रेघेचे द्रव्य ज्या क्रियेतून उपजते, तीच क्रिया ताऱ्यांना तेवत ठेवते. ही क्रिया जहाजात बसवता आली तर?

आमच्या किनाऱ्याला हा प्रश्न समजावून सांगणे सोपे आहे. विजयदुर्ग ही आंग्र्यांच्या आरमाराची राजधानी. तिथली गुराबे आणि गलबते शिडांवर आणि वल्ह्यांवर चालत. शिडाच्या जहाजाला वारा बाहेरून मिळतो, वल्ह्याला पाण्याचा रेटा मिळतो. अंतराळात वारा नाही आणि पाणीही नाही. तिथल्या जहाजाने आपला रेटा पोटात भरून न्यायचा आणि थोडाथोडा मागे फेकत पुढे सरकायचे. हेच रॉकेट. पण फेकण्याचे द्रव्य वाहून नेण्यासाठीही द्रव्य लागते, आणि त्यासाठी आणखी. रशियाच्या त्सिओल्कोव्हस्की यांनी १९०३ साली या कर्जाचे सूत्र मांडले. मागे फेकलेल्या वायूच्या वेगाइतका वेग यानाला हवा असेल तर सुरुवातीचे वजन अखेरच्या वजनाच्या २.७ पट हवे. दुप्पट वेगाला ७.४ पट; तिप्पट वेगाला २० पट. सावकाराचे चक्रवाढ व्याजही याहून निराळे नसते.

अंतर मनात आणणे हीच पहिली अडचण आहे. सूर्यानंतर सर्वांत जवळचा तारा प्रॉक्सिमा ४.२४ प्रकाशवर्षांवर, म्हणजे सुमारे चाळीस लाख कोटी किलोमीटरवर आहे. १९७७ मध्ये निघालेले व्हॉयेजर-१ सेकंदाला १७ किलोमीटर वेगाने दूर जात आहे. त्या चालीने तेवढे अंतर कापायला पंचाहत्तर हजार वर्षे लागतील. उत्तम रासायनिक इंधनाचा, हायड्रोजन-ऑक्सिजनचा, वायू सेकंदाला साडेचार किलोमीटर वेगाने बाहेर पडतो. एका माणसाच्या आयुष्यात प्रवास उरकायचा तर प्रकाशाच्या दहा-बारा टक्के, म्हणजे सेकंदाला छत्तीस हजार किलोमीटर वेग हवा. त्सिओल्कोव्हस्कींच्या सूत्रात हे आकडे घातले की सुरुवातीच्या वजनाचा आकडा साडेतीन हजार अंकांच्या जवळ जातो. दृश्य विश्वातील अणूंची संख्या लिहायला ऐंशीच्या आसपास अंक पुरतात. या जागी आपल्या भाषेतले ‘अशक्य’, ‘दुरापास्त’, ‘असंभाव्य’ हे सगळे शब्द एकदम तोकडे पडतात.

रासायनिक ज्वलनात अणूंच्या बाहेरच्या कवचाशी खेळ असतो, संमीलनात गाभ्याशी. ऊर्जेचा फरक लाखो पटींचा. ब्रिटिश इंटरप्लॅनेटरी सोसायटीच्या अभियंत्यांनी १९७३ ते १९७८ या काळात ‘डेडेलस’ नावाच्या यानाचा आराखडा कागदावर तपशिलाने तयार केला. त्यांनी इंधन निवडले ड्यूटेरियम आणि हेलियम-३. हेलियम-३ म्हणजे एक न्यूट्रॉन कमी असलेले हेलियमचे समस्थानिक. या दोघांच्या मीलनातून एक प्रोटॉन आणि एक साधा हेलियम-केंद्रक निघतो. दोन्हींवर विद्युतभार असतो. नेहमीच्या संमीलनातून निघणारे न्यूट्रॉन भाररहित असल्याने चहूकडे पळतात आणि भिंती जाळतात. भारित कणांना मात्र चुंबकक्षेत्राच्या न दिसणाऱ्या कुशीत धरून एका दिशेने सोडता येते. इंधनाच्या बारीक गोळ्यांवर इलेक्ट्रॉनांचे झोत मारून सेकंदाला २५० स्फोट, मागे पडणाऱ्या प्लाझ्माचा वेग सेकंदाला सुमारे दहा हजार किलोमीटर, यानाचे वजन चोपन्न हजार टन आणि त्यातले पन्नास हजार टन इंधनच, वेग प्रकाशाच्या बारा टक्के, असा तो आराखडा. यानाने थांबायचे नव्हते. पन्नास वर्षांनी ताऱ्याशेजारून झपाट्याने निघून जायचे, तेवढ्या वेळात जे दिसेल ते पृथ्वीला कळवायचे. ग्रहणवेध घेणाऱ्याला हे ओळखीचे वाटेल: तयारी कित्येक वर्षांची आणि पाहायला मिळणार मोजका काळ.

पृथ्वीवर हेलियम-३ जवळपास नाहीच. म्हणून डेडेलसच्या आराखड्यात गुरूच्या वातावरणात फुग्यांना टांगलेले कारखाने तरंगवून वीस वर्षे तो गाळायचा, अशी तजवीज होती. मग आजची रॉकेटे हेलियमवर चालतात, या वाक्याचे काय? आजच्या रॉकेटात हेलियम इंधन नसतो. तो कशाशीही संयोग पावत नाही म्हणूनच त्याला टाक्यांत दाब राखण्याच्या कामाला लावतात. संमीलनाची गोष्ट सर्वस्वी निराळी, आणि ती अजून घडायची आहे. कॅलिफोर्नियातील लॉरेन्स लिव्हरमोर प्रयोगशाळेत डिसेंबर २०२२ मध्ये गोळीवर पडलेल्या लेसरच्या ऊर्जेहून जास्त ऊर्जा संमीलनातून प्रथमच निघाली. पण तिथले इंधन सोपे होते, आणि लेसर चालवायला लागलेली वीज त्याहून कितीतरी अधिक होती. हेलियम-३ ला पेटवायला याहून बरेच जास्त तापमान लागते.

डेडेलसचे लक्ष्य होते सहा प्रकाशवर्षांवरचा बर्नार्डचा तारा. तो निवडण्यामागे पीटर व्हॅन डी कांप यांनी १९६३ मध्ये त्याच्याभोवती ग्रह असल्याचा केलेला दावा होता. दावा टिकला नाही. दुर्बिणीतल्या दुरुस्त्यांमुळे ताऱ्याची जागा हलल्याचा भास झाला होता. पुढे २०२४ मध्ये त्याच ताऱ्याभोवती एक छोटा ग्रह सापडल्याचे जाहीर झाले, आणि २०२५ मध्ये आणखी तीन. म्हणून व्हॅन डी कांप बरोबर ठरले का? मुळीच नाही, त्यांचे ग्रह वेगळे होते आणि ते नव्हतेच. ज्यांनी विजयदुर्ग आणि हेलियम यांचे नाते ‘शेवटी काही तरी खरे आहेच ना’ असे म्हणून सावरायचा प्रयत्न केला असेल, त्यांच्यापुढे हे उदाहरण ठेवावेसे वाटते.

रॉकेटाच्या कर्जातून सुटण्याचा दुसरा मार्ग म्हणजे पुन्हा शिडाकडे वळणे. प्रकाशालाही संवेग असतो. पृथ्वीजवळच्या उन्हात एक चौरस किलोमीटरच्या आरशासारख्या शिडावर जेमतेम नऊ न्यूटन रेटा पडतो, एक किलो साखरेच्या वजनाहूनही कमी. पण तो फुकट असतो आणि थांबत नाही. जपानच्या ‘इकारोस’ने २०१० मध्ये असे शीड ग्रहांच्या वाटेवर उघडून दाखवले. २०१६ मध्ये ‘ब्रेकथ्रू स्टारशॉट’ या नावाने मांडलेल्या कल्पनेत काही ग्रॅमचे यान, काही मीटरचे शीड आणि पृथ्वीवरून सोडलेला शंभर गिगावॅटचा लेसरझोत आहे. वेग प्रकाशाच्या वीस टक्के. आंग्र्यांच्या तांडेलाला हेलियम-३ चा आराखडा चमत्कारिक वाटला असता, पण हे शीड त्याला दोन वाक्यांत समजले असते, असे आम्हाला वाटते. मराठी विज्ञानकथेने ग्रहताऱ्यांवरचे पाहुणे पुष्कळ आणले. २०२५ मध्ये निवर्तलेल्या जयंत नारळीकरांनी ‘यक्षांची देणगी’ पासून ती वाट प्रशस्त केली. पण यान कशाने पुढे जाते, कोणत्या खर्चाने, या हिशेबात रमणारी कथा आमच्याकडे विरळाच. वास्तविक समुद्रावर पोट असलेल्या समाजाला तो हिशेब परका नसावा.

विजयदुर्गापुरते करण्याजोगे काम साधे आहे. किल्ल्यावरच्या माहितीत १८६८ च्या जागी २२ जानेवारी १८९८ ही तारीख हवी, आणि लॉकियर यांच्या शेजारी फाउलर यांचे नाव हवे. १८६८ साठी जमखिंडीची एक ओळ घालावी. मग राहतो तो आमच्या मते सर्वांत रंजक भाग. त्या काळी हा मुलूख रत्नागिरी जिल्ह्यात होता. सिंधुदुर्ग जिल्हा १९८१ मध्ये वेगळा झाला. युद्धनौकेच्या नोंदवहीत खलाशी आहेत, रॉयल सोसायटीच्या अहवालात शास्त्रज्ञ आहेत. पण जांभा कुणी तोडला, चुना कुणी कालवला, उपकरणांच्या पेट्या धक्क्यावरून गडावर कुणी चढवल्या, आणि २२ जानेवारीच्या दुपारी अंधार पडला तेव्हा गावात ग्रहणाचे स्नान सोडून कोण कोण त्या ओट्यांपाशी उभे होते? जिल्ह्याच्या जुन्या दप्तरात मजुरीचा एखादा हिशेब, नाही तर गावातल्या एखाद्या घरी जपलेली आठवण कदाचित अजून असेल. एखाद्या महाविद्यालयाच्या मराठी किंवा इतिहास विभागाने दोन उन्हाळी सुट्या त्यासाठी द्याव्यात.